मागच्या दारापलीकडचा अर्धा तास

मी एक मायक्रोस्कोप बोलतोय. बोलतोय म्हणजे काय, इस्पितळाच्या भांडारघरात, प्रिंटरच्या कागदी रिळांमागे, खोळीत बसून पुटपुटतोय. इथे माझं ऐकायला कोणी येत नाही. जे येतात ते रिळं न्यायला येतात, दिवा लावतात, दिवा मालवतात आणि जातात. तुम्ही थांबलाच आहात, म्हणून सांगतो.

माझा जन्म एका लांबलचक शेडमध्ये झाला. तिथे भिंगं घासणारा एक म्हातारा कारागीर होता. घासून झालेलं भिंग तो खिडकीकडे धरायचा, नाक मुरडायचा आणि पुन्हा घासायला घ्यायचा. माझ्या भिंगाला त्याने तीनदा नाक मुरडलं. चौथ्यांदा मुरडलं नाही. आमच्या कुळात यालाच कौतुक म्हणतात.

मग लाकडी पेटी, भुसा, हेलकावे. पेटी उघडली तेव्हा जाड चष्म्याआडून दोन डोळे माझ्याकडे बघत होते. ते प्रयोगशाळेचे प्रमुख डॉक्टर. त्यांनी मला स्वतः उचललं, मागच्या खिडकीजवळच्या टेबलावर ठेवलं आणि म्हणाले, "इथे बैस. इथला उजेड चांगला आहे."

माझ्याकडे येणारं काम एकाच प्रकारचं होतं. बायकांच्या गर्भाशयाच्या मुखाशी हळूच ब्रश फिरवून पेशी काढतात, त्या काचपट्टीवर पसरतात, निळ्या-गुलाबी रंगात बुडवतात आणि ती काच माझ्याखाली ठेवतात. एका काचेवर हजारो पेशी. बहुतेक सगळ्या निरोगी, एकीसारखी दुसरी. त्यांत एखादी वेडीवाकडी, काळपट, फुगलेल्या गाभ्याची पेशी असली तर ती हुडकायची. काच वरून खाली, मग खालून वर, शेत नांगरावं तशी तासातासाने, म्हणजे ओळीओळीने, पाहत जायची. संशय आला तिथे शाईचा ठिपका द्यायचा. ठिपका दिलेली काच डॉक्टर पुन्हा बघत. ठिपका नसलेली काच ड्रॉवरमध्ये जाई आणि त्या बाईला कागद जाई: सर्व ठीक.

हे काम करायला ताई आल्या. तेव्हा त्या नुकत्याच शिकून आलेल्या होत्या, पण पहिल्या दिवसापासून सगळे त्यांना ताईच म्हणू लागले. त्यांच्या डोळ्याची आणि माझी ओळख पहिल्या तासातच झाली. काही माणसं भिंगाला पापण्या टेकवून ठेवतात आणि विचार भलतीकडेच करतात. ताईंचा डोळा तसा नव्हता. काच सरकली की तोही सरकायचा, थांबायला हवं तिथे थांबायचा. असा डोळा मिळणं हे माझ्यासारख्याचं भाग्य असतं.

पण दुपार झाली की तोच डोळा जड होई. म्हणजे मिटत नसे. उघडाच असे, काचेवरच असे, फक्त पाहणं संपलेलं असे. आतल्या माणसाने दुकान बंद केलेलं आणि फळी तेवढी उघडी राहिलेली.

डॉक्टरांच्या हे लक्षात आलं. ते म्हणाले, "ऊठ. मागे जाऊन ये."

"सर, अजून बावीस काचा आहेत."

"म्हणूनच म्हणतोय."

प्रयोगशाळेला मागचं एक दार होतं. दारापलीकडे इस्पितळाची पडीक जमीन होती. तिथे निलगिरीची उंच झाडं, एक वाकडं चिंचेचं झाड, बांबूचं बेट आणि मधून वाहणारा एक बारीक ओहोळ होता, असं म्हणतात. मी ते कधी पाहिलं नाही. माझी मान कायम खाली. पण दार उघडलं की पानांचा आवाज आत यायचा, आणि अर्ध्या तासाने ताई परत यायच्या तेव्हा त्यांचा डोळा पुन्हा सकाळचा झालेला असायचा. झाडं काय करत होती ते मला ठाऊक नाही. त्यांनी परत पाठवलेला डोळा मात्र मी रोज पाहत होतो.

ताईंना आधी ते पटलं नव्हतं. "थोडा चहा घेतला तरी हेच होईल," असं त्या म्हणाल्या. डॉक्टर हट्टाला पेटले. त्यांनी दोषी पेशी असलेल्या पाच जुन्या काचा काढल्या, चांगल्या पंधरा काचांत मिसळल्या, नंबरांवर चिकटपट्टी लावली आणि दुपारी तीनला ताईंपुढे ठेवल्या. ताईंनी पाचांपैकी तीन पकडल्या. दुसऱ्या दिवशी तसाच वेगळा गठ्ठा, तीच वेळ, पण आधी अर्धा तास बाजाराच्या रस्त्याने फेरी. पुन्हा तीन. तिसऱ्या दिवशी आधी अर्धा तास मागच्या झाडांत. पाचच्या पाच.

"चालले तर मी दोन्हीकडे तेवढंच," ताई म्हणाल्या.

"पाय तेवढेच चालले," डॉक्टर म्हणाले. "रस्त्यावर सगळं अंगावर धावून येतं. हॉर्न, पाट्या, खड्डे, माणसं. एकेकाला नको, नको म्हणत डोकं दमतं. झाडाचं तसं नाही. त्याच्याकडे बघ किंवा नको बघू, त्याला काही फरक पडत नाही. तेवढ्या वेळात दमलेलं डोकं बसून घेतं." मग चष्मा पुसत म्हणाले, "अर्थात, एका मुलीवर तीन दिवस केलेला प्रयोग म्हणजे काही विज्ञान नव्हे. पण आपल्या कामापुरतं पुरे."

तेव्हापासून तो नियमच झाला. आणि नियमाची राखण आली मावशींकडे.

मावशी प्रयोगशाळेत झाडलोट करायच्या. मागच्या दाराची किल्ली त्यांच्या कमरेला. रोज पावणेतीन वाजता त्या ताईंच्या खुर्चीमागे येऊन उभ्या राहात. "ताई, उठा. दार उघडलंय." ताई "एवढी एक काच" म्हणाल्या की मावशी माझा दिवाच बंद करायच्या. मला राग येई आणि हसूही येई. डॉक्टरांसमोर उभं राहायला लोक घाबरत, पण डॉक्टर मावशींना घाबरत. फरशी ओली असताना त्यांनी बुटानिशी आत यायची छाती केली नव्हती.

अशी अठरा वर्षं गेली. ताईंचं लग्न झालं, मुलगी झाली, चष्मा लागला. मावशींचे केस पिकले. ठिपके दिलेल्या काचांतल्या किती बायका वेळेवर उपचार होऊन घरी गेल्या, हे त्या बायकांनाही माहीत नाही. त्यांतली एकही ताईंना ओळखत नव्हती. हे असंच असतं आणि आम्हाला त्याचं काही वाटत नसे.

मग डॉक्टर निवृत्त झाले. जाताना त्यांनी माझ्या मानेवर हात ठेवला, ताईंना म्हणाले, "अर्धा तास सोडू नकोस," आणि मुलाकडे राहायला निघून गेले.

त्यानंतर दोन वर्षांनी इस्पितळाला नवे व्यवस्थापक मिळाले. त्यांच्या पाठीमागे त्यांचं नाव 'एकमिनिटसाहेब' पडलं होतं, कारण "एक मिनिट बोलू का?" म्हणून ते बसायचे ते तासभर उठायचे नाहीत. माणूस वाईट नव्हता. हे मी मुद्दाम सांगतो, कारण गोष्टीत असा माणूस आला की लोक त्याला शिव्या द्यायला तयारच असतात. इस्पितळात स्कॅनचं यंत्र नव्हतं. रुग्ण चार-चार महिने दुसऱ्या गावी खेटे घालत होते. यंत्रासाठी इमारत हवी होती, इमारतीसाठी जागा, आणि जागा एकच होती.

"तिथे आहे तरी काय?" साहेब म्हणाले. "चार झाडं आणि डास."

ताई म्हणाल्या, "साहेब, मला तिथला अर्धा तास लागतो. कामासाठी लागतो."

"एक मिनिट. विश्रांतीच हवी ना? आपण विश्रांती कक्ष करू. सोफा ठेवू. भिंतीवर जंगलाचा मोठा फोटो लावू. छान, कापलं तरी पान गळणार नाही असं जंगल!" आणि ते स्वतःच्या विनोदावर हसले.

ताईंनी अर्ज केला. डॉक्टरांनीही मुलाच्या घरून पत्र पाठवलं. दोन्हींना उत्तर आलं की आपल्या सूचनेची नोंद घेण्यात आली आहे.

झाडं पाडली तेव्हा आठ दिवस माझ्याखालची काच थरथरत होती. मग खिडकीपुढे भिंत उभी राहिली. मागच्या दाराची किल्ली ठेकेदाराने मागितली, आणि मावशींनी कमरेची काढून दिली. दार विटांनी बुजवलं. माझ्या उजेडाची जागा नळीच्या दिव्याने घेतली आणि पानांच्या आवाजाची जागा नव्या इमारतीला गार ठेवणाऱ्या हवायंत्राच्या घुमण्याने.

ताईंनी हार मानली नाही. त्यांनी गच्चीवर जाऊन बघितलं. तिथे पाण्याच्या टाक्या आणि गरम हवा ओकणारे पंखे. विश्रांती कक्षात सोफ्यावर बसून त्यांनी जंगलाच्या फोटोकडे टक लावली. तिथे बाकीचे लोक मोबाइलवर मोठमोठ्याने बोलत. टेबलावर कुंडी आणली, तिला ऊन नसल्याने ती महिन्याभरात मान टाकून मेली. सगळ्यात जवळचं उद्यान दोन बस बदलून होतं. पावणेतीन वाजले की मावशी सवयीने खुर्चीमागे यायच्या, बुजवलेल्या दाराकडे बघायच्या आणि उगाच टेबल पुसून जायच्या.

त्याच सुमारास काम वाढलं. आधी दिवसाला साठ काचा, आता शंभराच्या वर. ताईंचा डोळा दुपारी बंद व्हायचा तो आता अकरा वाजताच बंद होऊ लागला. त्या एक काच दोनदा बघायच्या, कारण पहिल्यांदा बघितल्याचं आठवत नसे. घरी मुलीशी बोलतानाही वाक्य मध्येच सुटतं, असं त्या शेजारच्या टेबलावरच्या सहकारी बाईंना सांगत होत्या. "डोकं भिजलेल्या कापसासारखं झालंय गं. कितीही पिळलं तरी जडच."

याच दिवसांत त्या एकदा मावशींना म्हणाल्या, "मावशी, इतकी वर्षं इथे काढलीत, तुम्ही स्वतःची तपासणी केलीत का कधी?"

"मला काय धाड भरलीय?"

"धाड भरायच्या आधीच करायची असते. उद्या जाऊन या. माझ्या गळ्याची शपथ."

मावशी लाजल्या, कुरकुरल्या, पण गेल्या.

काचेवर नाव नसतं, नंबर असतो. त्या दिवशी एकशे चार काचा होत्या. मावशींची काच कितवी ते मला तेव्हा माहीत नव्हतं. दुपारचे साडेतीन. ताईंचा डोळा माझ्यावर टेकलेला होता. काचेच्या तिसऱ्या तासात, कडेपासून जरा आत, सात पेशींचा एक पुंजका आला. काळपट गाभे, वेडीवाकडी कड. मी तो स्वच्छ दाखवला. माझं भिंग स्वच्छ होतं, दिवा नीट होता. पुंजका डोळ्यासमोरून गेला आणि डोळा थांबला नाही. हात पुढचा तास नांगरत राहिला. मी ओरडू शकलो असतो तर ओरडलो असतो. काच ड्रॉवरमध्ये गेली.

मावशींना कागद मिळाला. तो नाचवत त्या आल्या. "बघा! म्हटलं नव्हतं? सर्व ठीक!" ताई हसल्या. त्या दिवसांत त्या हसल्या त्या एवढ्या एकदाच.

पुढे वर्षभराने मावशींना अंगावरून जाऊ लागलं. त्यांनी पाच महिने कुणाला सांगितलं नाही. सांगितलं तेव्हा ताई भडकल्या, "इतके दिवस गप्प का बसलात?"

"अहो, तुम्हीच तर पाहिलं होतं," मावशी म्हणाल्या. "तुम्ही पाहिलंय म्हटल्यावर मी कशाला भिऊ?"

तपासण्या झाल्या. रोग गर्भाशयाच्या मुखापासून पार आतपर्यंत गेलेला होता.

असं झालं की जुनी काच काढून पुन्हा बघायची पद्धत असते. प्रयोगशाळेच्या नव्या प्रमुखांनी ती काढली, ताईंकडे दिली. ताई म्हणाल्या, "आज नको. मला दोन दिवस सुट्टी द्या." त्या भावाकडे गेल्या. भावाचं घर डोंगराच्या पायथ्याशी, मागे ओढा आणि रान. परत आल्यावर त्या सहकारी बाईंना सांगत होत्या, "दोन दिवस काही केलं नाही. भाऊ म्हणाला, तू आलीस कशाला, बोलत तर नाहीस. नुसती ओढ्याकाठी बसून होते. पहिल्या दिवशी डोळ्यांपुढे पेशीच दिसत होत्या. दुसऱ्या दिवशी पाणी दिसायला लागलं."

आता त्यांनी एक गोष्ट मागितली. "ही काच अशीच बघितली तर मला आधीच माहीत असणार की हिच्यात काहीतरी आहे. ही आणखी एकोणीस काचांत मिसळून दे. नंबरांवर पट्टी लाव."

सहकारी बाईंनी तसं केलं. ताई बसल्या. किती दिवसांनी तो डोळा, तो खरा डोळा माझ्यावर टेकला! काच सरकली की सरकत होता, थांबायला हवं तिथे थांबत होता. माझा जुना मित्र परत आला होता आणि मला आनंद झाला, हे सांगायला मला लाज वाटते. अकरावी काच. तिच्यातला तिसरा तास. डोळा थांबला. ताईंनी मोठं भिंग फिरवलं, पेशी मोजल्या. सात. शाईचा ठिपका दिला. उरलेल्या नऊ काचा त्यांनी शेवटपर्यंत पाहिल्या, एकही घाईने नाही. मग म्हणाल्या, "अकरावीवरची पट्टी काढ."

सहकारी बाईंनी पट्टी काढली आणि नंबर वाचला नाही. वाचायची गरजच नव्हती.

मावशी उपचारांना येत तेव्हा मध्ये प्रयोगशाळेत येऊन स्टुलावर बसत. डोक्याला रुमाल, अंगात जीव नाही, तरी बसल्या बसल्या कोपऱ्यातली जळमटं दाखवून नव्या झाडूवालीला सूचना देत. ताईंनी एका दुपारी त्यांच्यासमोर स्टूल ओढलं.

"मावशी, ती काच मी पाहिली होती. तेव्हाच होतं तिच्यात. माझ्या नजरेतून सुटलं."

मावशींनी डोक्यावरचा रुमाल सारखा केला. मग म्हणाल्या, "किती होतं?"

"सात पेशी."

"हजारांत सातच? मग सुटणारच की."

"सुटायला नको होतं. परवा मी रानातून आले आणि मला लगेच दिसलं."

मावशींनी बुजवलेल्या दाराकडे पाहिलं. "मी किल्ली द्यायला नको होती," त्या म्हणाल्या. "हरवली म्हणून सांगायचं होतं. आठ-पंधरा दिवस तरी गेले असते."

ताईंनी मावशींचा हात धरला आणि दोघी तशाच बसून राहिल्या. हवायंत्र घुमत होतं.

ताई सगळं लिहून घेऊन साहेबांकडे गेल्या. डॉक्टरांचे ते तीन दिवस, स्वतःची अकरावी काच, रोजच्या काचांचा आकडा. त्यांची मागणी मोठी नव्हती: काचा कमी करा, आणि रोज कुठेतरी झाडांत अर्धा तास जाऊ द्या, हवं तर तेवढ्या वेळेचा पगार कापा. साहेबांनी ते खरंच पूर्ण वाचलं. त्यांचे डोळे भरून आले, असं ताई म्हणाल्या. मग साहेबांनी जे योग्य वाटलं ते केलं. काचा बघणारं स्वयंचलित यंत्र मागवलं, कारण यंत्र दमत नाही. आणि ताईंना नोंदणीच्या खिडकीवर बसवलं. "तिथे तुम्हाला ताण नाही. आराम पडेल."

मावशी त्याच वर्षाच्या अखेरीस गेल्या. खिडकीवर रांग होती म्हणून ताईंना शेवटचं भेटता आलं नाही.

मला खोळ घालून इथे आणून ठेवलं. भांडारघराला ओल आहे. माझ्या आतल्या भिंगावर बुरशी धरली आहे, बारीक पांढऱ्या तंतूंची. ती काचेला खाते. आता मला कोणी उजेडात ठेवलं, पुसलं, तरी मी पूर्वीसारखं दाखवू शकणार नाही. भिंग एकदा खाल्लं गेलं की गेलं. माणसाच्या लक्षाचं तसं नाही, ते परत येतं, मी ते स्वतः पाहिलं आहे. पण ते जिथून परत येतं ती जागाच कापून टाकली तर काय करायचं, हे मला कुणी सांगितलेलं नाही.

आत्मवृत्ताच्या शेवटी काहीतरी विनवायची रीत आहे, म्हणून विनवतो. तुमच्या हाताखाली कोणी बारीक काम करत असेल, औषधं मोजणारं, तारा जोडणारं, काचा बघणारं, तर त्याला दुपारी उठून झाडांत जाऊ द्या. परत आलं की मग काम सांगा. तुम्ही ऐकाल असं मला फारसं वाटत नाही. माझ्याच इस्पितळात साहेबांनी डोळ्यांत पाणी आणून ऐकलं होतं.

गेल्या आठवड्यात ताई इथे आल्या होत्या. कागदाचं रीळ न्यायला. रिळांमागे मी दिसलो. त्यांनी खोळ वर केली, वाकल्या आणि डोळा लावला. माझ्याखाली काच नव्हती, दिवा नव्हता, काही दिसणार नव्हतं. तरी त्या तशाच राहिल्या. तो डोळा मी ओळखला, पण तो काहीच शोधत नव्हता.

बाहेरून कोणीतरी हाक मारली, "ताई, सापडलं का रीळ? रांग दारापर्यंत आलीय!"

"आले," त्या म्हणाल्या.

त्यांनी खोळ खाली ओढली, पण एका बाजूने ती वरच अडकून राहिली. त्यांचं लक्ष नव्हतं. दिवा मालवून त्या गेल्या. जाताना रीळ न्यायचं विसरल्या.